जवळ राहणाऱ्यांनी पाहू नये

अमेरिकेच्या मधोमध आयोवा नावाचं राज्य आहे. मका आणि डुकरं या दोन बाबतींत त्याचा हात धरणारं दुसरं राज्य नाही. बेसबॉलचा मोठा संघ मात्र तिथे औषधालाही नाही. मेजर लीगमध्ये ३० संघ, त्यांतला आयोवाच्या वाट्याला एकही आलेला नाही. तरीही आजूबाजूच्या राज्यांतले सहा संघ आयोवाला स्वतःचं घरच समजतात. शिकागोचे दोन, कब्ज आणि व्हाइट सॉक्स. सेंट लुइसचे कार्डिनल्स. कॅन्सस सिटीचे रॉयल्स. मिनेसोटाचे ट्विन्स आणि मिलवॉकीचे ब्रूअर्स. या जिव्हाळ्याचा व्यवहारातला अर्थ असा, की लीगचं इंटरनेटवरचं पॅकेज घेणाऱ्या आयोवाकराला नेमके हेच सहा संघ थेट दिसत नाहीत. बाकीचे चोवीस बघायला मोकळीक आहे. फक्त ते या सहांपैकी कोणाशी खेळत नसले पाहिजेत.

माझा भाचा मंदार त्या राज्याच्या राजधानीत, डी मॉइनमध्ये असतो. विमा कंपन्यांचं गाव ते. तोही विम्यातच आहे. बेसबॉलचं वेड त्याला तिथल्याच मैदानावर लागलं. डी मॉइनला आयोवा कब्ज नावाचा संघ आहे. हा म्हणजे शिकागो कब्जची तालीम. पोरं इथे अंग कमावतात आणि तयार झाली की शिकागोला जातात. मंदारने त्यांना कुंपणाला टेकून पाहिलं, सह्या घेतल्या, आपली माणसं मानलं. ती शिकागोला गेली आणि त्या दिवसापासून त्याला दिसेनाशी झाली. त्याने हौसेने दीडशेच्या आसपास डॉलर भरून वर्षाचं पॅकेज घेतलं, सोफ्यावर मांडी ठोकली, कब्जचा सामना लावला, तर पडद्यावर दोन ओळी आल्या: आपण जिथे आहात तिथे हा सामना उपलब्ध नाही. नेट गेलं असेल म्हणून त्याने सिअ‍ॅटलचा सामना लावून पाहिला. खेळाडूच्या दाढीचे केस मोजता येतील इतका स्वच्छ! सिअ‍ॅटलशी मंदारचा काडीचा संबंध नाही, म्हणून ते स्वच्छ.

त्याने ग्राहकसेवेला फोन लावला. पलीकडची बाई अतिशय गोड होती. कब्ज हा तुमचा स्थानिक संघ आहे, असं तिने अभिनंदन केल्याच्या सुरात सांगितलं. शिकागो डी मॉइनपासून पाचशे किलोमीटरहून लांब आहे. म्हणजे पुण्याहून पणजी गाठायची आणि तिथून पुढे आणखी तासभर गाडी हाकायची. ''बाई, यात स्थानिक काय आहे?'' मंदारने विचारलं. तिने पिनकोड पुन्हा तपासून सांगितलं, की आपल्याला आणखी पाच स्थानिक संघ आहेत.

''मामा, मैदानावर गर्दी व्हावी म्हणून टीव्ही बंद करतात, हे मी समजू शकतो,'' मंदार मला म्हणाला. ''पण परवा कब्ज सॅन डिएगोला खेळत होते. तेही बंद! शिकागोच्या रिकाम्या मैदानात जाऊन मी काय गवत बघू?''

पोरगं विम्यात असल्यामुळे त्याचा प्रश्न नेमका होता. या प्रक्षेपणबंदीचं (ब्लॅकआउटचं) जे कारण सगळे सांगतात, म्हणजे तिकिटं खपावीत, ते बेसबॉलला लागू नाही. ते कारण अमेरिकन फुटबॉलचं. त्याची कथा इतकी रंगतदार आहे, की आयोवाला जरा ताटकळत ठेवून ती सांगितलीच पाहिजे.

१९५०मध्ये लॉस एंजेलिसच्या रॅम्स संघाने आपले घरचे सगळे सामने टीव्हीवर दाखवायचं धाडस केलं. प्रेक्षकांनी टीव्ही मनापासून पाहिला आणि मैदानावरची गर्दी जवळपास निम्म्यावर आली. पुढच्या वर्षी टीव्ही बंद केला, गर्दी परत आली. या एका प्रयोगाने पुढच्या दोन पिढ्यांचं भवितव्य ठरलं. १९५३मध्ये एका संघराज्य न्यायाधीशाने निकाल दिला, की संघ आपल्या गावात खेळत असेल तर त्या गावातलं प्रक्षेपण अडवायला लीगला मुभा आहे. मग नियमच झाला: मैदानापासून ७५ मैलांच्या आत सामना दिसणार नाही. तिकिटं संपलेली असली तरी नाही.

ही शेवटची अट कोणी सुचवली ते कळलं असतं तर मी त्याचा सत्कार केला असता. १९६२च्या डिसेंबरात न्यूयॉर्कच्या यँकी स्टेडियममध्ये अजिंक्यपदाचा सामना होता, जायंट्स विरुद्ध ग्रीन बे. चौसष्ट हजारांवर माणूस हाडं गोठवणाऱ्या वाऱ्यात बसलेला, एक खुर्ची रिकामी नाही, आणि तरी न्यूयॉर्कमध्ये टीव्हीवर सामना नाही. लोक कोर्टात गेले. कोर्टाने हात वर केले. तेव्हा लोकांनी नकाशा काढला, कंपास लावून ७५ मैलांचं वर्तुळ आखलं आणि त्याच्या बाहेरच्या मोटेलांत खोल्या घेतल्या. आपल्या गावातला सामना पाहायला माणसं गाव सोडून गेली. खोलीचं भाडं, पेट्रोल आणि बिअर धरून तिकिटापेक्षा किती जास्त पडलं असेल, हा हिशोब करण्याच्या मनःस्थितीत त्या दिवशी कोणी नव्हतं.

१९६७चा पहिला सुपर बोल तर देशभर दोन-दोन वाहिन्यांवर एकाच वेळी चालू होता. दिसला नाही तो फक्त लॉस एंजेलिसला, कारण सामना लॉस एंजेलिसमध्ये होता. मैदानात साधारण ६२ हजार लोक आले आणि तीस हजारांच्या आसपास खुर्च्या रिकाम्या राहिल्या. म्हणजे टीव्ही बंद करूनही लोक आले नाहीत ते नाहीतच.

शेवटी हा जाच राष्ट्राध्यक्षाच्या उंबऱ्याशी पोचला. निक्सनसाहेब फुटबॉलचे शौकीन. १९७२च्या अखेरीस वॉशिंग्टनचा संघ बाद फेरीत दणदणीत खेळत होता, आणि वॉशिंग्टनला सामने दिसत नव्हते. अ‍ॅटर्नी जनरलमार्फत लीगचे प्रमुख पीट रोझेल यांना निरोप गेला: बाद फेरीपुरती बंदी उठवा, यापेक्षा कडक कायदा आला तर मी अडवीन. रोझेल नाही म्हणाले. जगातल्या सर्वांत ताकदवान माणसाला टीव्ही लावून घेता आला नाही, ही त्या काळातली शांत क्रांतीच म्हणायची. मग काँग्रेसने चक्क कायदा केला, आणि तोही विलक्षण वेगाने. सप्टेंबर १९७३मध्ये निक्सन यांनी त्यावर सही केली: ७२ तास आधी सगळी तिकिटं खपली असतील तर स्थानिक प्रक्षेपण अडवता येणार नाही. खासदार इतक्या एकदिलाने का वागले याचं गूढ कोणाला पडायचं कारण नाही. तेही वॉशिंग्टनलाच राहतात.

या ७२ तासांनी नवीन गंमत सुरू केली. गुरुवारी दुपारी तिकिटं उरली, की गावातली टीव्ही केंद्रं आणि किराणा दुकानांच्या साखळ्या शिल्लक तिकिटं विकत घेऊ लागल्या, म्हणजे बाकीच्यांना घरी बसून पाहता यावं. फ्लोरिडातल्या जॅक्सनव्हिलच्या संघाने तर कमाल केली. खुर्च्या भरत नाहीत ना? मग त्यांनी जवळपास दहा हजार खुर्च्यांवर ताडपत्री घातली आणि त्या खुर्च्या नाहीतच असं जाहीर केलं. मैदान हाउसफुल्ल, प्रक्षेपण सुरू! टीव्हीवर कॅमेरा फिरायचा तेव्हा ती ताडपत्री फार सुबक दिसायची म्हणतात. २०१४मध्ये सरकारी दूरसंचार आयोगाने पाच विरुद्ध शून्य मतांनी या नियमाचा आधार काढून घेतला, २०१५पासून लीगनेही तो बासनात बांधला, आणि ज्या गर्दीसाठी पन्नास-साठ वर्षं हा खटाटोप केला त्या गर्दीला काहीही झालं नाही.

आता आयोवा. बेसबॉलचं दुखणं निराळं आहे. तिथे प्रत्येक संघाला मुलूख वाटून दिलेला आहे. त्या मुलखात सामने दाखवायचा हक्क संघ एका प्रादेशिक वाहिनीला विकतो, ती वाहिनी केबलवाल्याकडून दर घरामागे महिन्याला पैसे घेते, आणि केबलवाला ते सगळ्यांच्या बिलात मिसळतो. ज्या आजीने आयुष्यात बॅट पाहिली नाही तिच्याही. या पैशावर खेळाडूंचे करोडोंचे करार उभे आहेत. वाहिनी म्हणते, मी एवढी रक्कम मोजते, तर माझ्या मुलखात दुसऱ्या कोणी, अगदी लीगनेसुद्धा, इंटरनेटवरून सामना दाखवता कामा नये. झालं. केबल घेतली नाही तर अंधार.

आमच्या साताऱ्याला ही व्यवस्था ओळखीची वाटते. १७१९मध्ये बाळाजी विश्वनाथाने दिल्लीहून शाहू महाराजांसाठी दख्खनच्या सहा सुभ्यांच्या चौथाई-सरदेशमुखीच्या सनदा आणल्या. तिथे सहा सुभे होते आणि धनी एक होता. आयोवात सुभा एक आहे आणि धनी सहा. शिवाय चौथाई दिल्यावर आपल्या माणसांनी रयतेला निदान त्रास देऊ नये अशी अपेक्षा असे. इथे मंदार पॅकेजचे पैसे भरतो आणि त्याबदल्यात त्याला त्रासच मिळतो. गणित करून पाहिलं: सगळे तीस संघ खेळत असले की दिवसाला पंधरा सामने. हे सहा धनी सहा वेगळ्या संघांशी खेळत असतील तर पंधरांतले सहा गेले. नेवाडातल्या लास व्हेगसकरांवरही असेच सहा संघ हक्क सांगत आले आहेत, आणि थेट हवाईच्या बेटांवरसुद्धा कॅलिफोर्नियाच्या संघांचा हक्क चालतो. मधे नुसता पॅसिफिक महासागर आहे, पण स्थानिक ते स्थानिक.

केबल घेतली म्हणजे सुटलो असंही नाही. लॉस एंजेलिसच्या डॉजर्सनी २०१३मध्ये एका केबल कंपनीबरोबर २५ वर्षांचा, आठ अब्ज डॉलरहून मोठा करार केला आणि पुढच्या वर्षी स्वतःची वाहिनी काढली. बाकीच्या केबलवाल्यांनी तिचा दर ऐकला आणि ती घ्यायलाच नकार दिला. परिणामी, शहरातल्या निम्म्याहून जास्त घरांत शहराचा संघ दिसेना. हे २०२०पर्यंत चाललं. विन स्कली नावाचा समालोचक १९५०पासून डॉजर्सचा आवाज होता. संघ लॉस एंजेलिसला आला तेव्हा लोक मैदानात बसूनही कानाला ट्रान्झिस्टर लावून त्यालाच ऐकत; डोळ्यांसमोर जे चाललंय ते त्याने सांगितल्याशिवाय खरं वाटत नसे. ६७ हंगामांनंतर, २०१६मध्ये, तो निवृत्त झाला. त्याचे शेवटचे हंगाम त्याच्याच शहरातल्या बहुतेकांना दिसले नाहीत. अगदी शेवटचे काही सामने साध्या अँटेनाच्या वाहिनीवर दाखवून कंपनीने उपकार केले. या प्रकरणात मला विनोद सापडत नाही, म्हणून पुढे जातो.

तर मग पाहायचं कसं? मंदारने यावर विमा-पॉलिसी वाचावी तसा अभ्यास केला. देशभर दाखवले जाणारे निवडक सामने कुठेही दिसतात. २०२१च्या ऑगस्टमध्ये आयोवातल्याच डायर्सव्हिल गावात मक्याच्या शेतात व्हाइट सॉक्स आणि यँकीज यांचा सामना झाला, तो राष्ट्रीय वाहिनीवर होता म्हणून आयोवाकरांना आयोवातला सामना पाहता आला. रेडिओवर बंदी नाही. गाडीत बसून खुशाल ऐका. सामना संपल्यावर साधारण दीड तासाने त्याच पॅकेजवर तोच सामना पूर्ण दिसतो. फक्त त्या दीड तासात फोन बंद, ऑफिसच्या ग्रुपवर मौन आणि जिन्यात भेटणाऱ्या शेजाऱ्याकडे पाठ, एवढं कडकडीत व्रत पाळायचं. अलीकडे प्रादेशिक वाहिन्यांचा फुगाही फुटला. लोकांनी केबल कापल्या आणि त्यांतली सगळ्यांत मोठी कंपनी २०२३च्या मार्चमध्ये दिवाळखोरीच्या कोर्टात उभी राहिली. मग काही संघांचे सामने लीग स्वतःच स्थानिकांना विकू लागली, आणि कब्जच्या वाहिनीनेही त्याच उन्हाळ्यात थेट वर्गणी सुरू केली, महिना वीस डॉलरच्या घरात. म्हणजे आता अडचण अंधाराची राहिली नाही, पाकिटाची झाली. सहा धन्यांकडे वेगवेगळे दरवाजे, वेगवेगळे पासवर्ड.

व्हीपीएन नावाची पळवाट आहे. तिने मंदारचा संगणक आपण दुसऱ्याच देशात बसलो आहोत अशी बतावणी करू शकतो. पण ते पॅकेजच्या शर्तींत बसत नाही आणि मंदार विम्यातला असल्यामुळे शर्ती वाचतो.

त्यातून त्याला वेगळीच कल्पना सुचली. हेच पॅकेज अमेरिका-कॅनडाच्या बाहेर घेतलं, तर हा प्रादेशिक ब्लॅकआउट लागत नाही. डी मॉइनला जे दिसत नाही ते साताऱ्यात, शाहूपुरीत, आमच्या दिवाणखान्यात दिसतं! कब्जचे घरचे सामने बरेचदा दुपारी असतात. त्यांच्या मैदानावर १९८८पर्यंत दिवेच नव्हते, ती सवय अजून आहे. तिथली दुपारची एक वीस म्हणजे आपली रात्रीची अकरा पन्नास. त्याने मला पॅकेज भेट दिलं आणि व्हिडिओ कॉल लावला.

''मामा, काय चाललंय?''

''एक जण दांडकं घेऊन उभाय. फेकणारा टोपी नीट करतोय.''

''आणि आता?''

''अजून टोपीच.''

''अहो, बेसवर कोणी आहे का?''

''हिरव्या गवतावर चार-पाच जण आहेत. सगळे काहीतरी चघळतायत.''

तेवढ्यात टाळ्या झाल्या, दांडकेवाला निवांत चालत पहिल्या तळावर गेला आणि मला काही कळेना. चेंडू मारला नाही, धावला नाही, तरी पुढे गेला. ही चार वाइडांची बक्षिसी असते, असं मंदारने समजावलं. तिसऱ्या डावापर्यंत मी बऱ्यापैकी तयार झालो होतो, पण मग वकिली पेच निघाला. बेसबॉलच्या प्रक्षेपणात एक सूचना वर्षानुवर्षं वाचली जाते: लेखी परवानगीशिवाय या सामन्याचं चित्रच काय, वर्णनही कोणी कोणाला पोचवू नये. मंदारने ती मला मोठ्याने वाचून दाखवली. ''मग मी टोपीचं सांगितलं ते?'' मी विचारलं. तो बराच वेळ गप्प राहिला आणि म्हणाला, ''टोपी चालेल बहुतेक.''

जवळच्याने पाहू नये, हा न्याय इंग्लंडातही आहे. तिथे शनिवारी दुपारी पावणेतीन ते सव्वापाच फुटबॉलचा कोणताही सामना थेट दाखवत नाहीत. १९६०च्या दशकात बर्नली क्लबचे अध्यक्ष बॉब लॉर्ड यांनी हे लावून धरलं. गृहस्थांचा धंदा मटणाचा. मोठ्या क्लबचा सामना टीव्हीवर दिसला तर लहान क्लबांची तिकिटं कोण काढणार, असा त्यांचा हिशोब. त्यामुळे मँचेस्टरच्या माणसाला मँचेस्टरचा तीन वाजताचा सामना दिसत नाही, आणि आम्ही तो साडेसात-साडेआठला चहा घेत पाहतो. पोर्ट्समथमधल्या कॅरन मर्फी या पबवालीने यावर ग्रीसचं स्वस्त डिकोडर कार्ड आणलं, दंड खाल्ला आणि लढत लढत थेट युरोपच्या न्यायालयापर्यंत गेली. २०११मध्ये त्या न्यायालयाने जे सांगितलं ते मराठी वकिलालाही सुचलं नसतं: सामन्यावर कोणाचा कॉपीराइट नाही, पण सामन्याआधी वाजणाऱ्या लीगच्या गाण्यावर आणि चिन्हावर आहे. पुढच्या वर्षी तिची शिक्षा रद्द झाली.

आपल्याकडे गल्ली, गाव असा भेद नाही. आपण भेद यंत्राच्या खोक्यावरून करतो. जानेवारी २००७मध्ये नागपूरला भारत-वेस्ट इंडीज एकदिवसीय सामना झाला. गांगुलीने ९८ केल्या, पण हक्क घेतलेल्या खासगी वाहिनीचं आणि दूरदर्शनचं भांडण चालू असल्यामुळे ज्याच्याकडे केबल नाही त्याने त्या ऐकीव मानायच्या. प्रकरण दिल्ली उच्च न्यायालयात गेलं आणि तोडगा निघाला: पुढचे सामने दूरदर्शनने दाखवावेत, पण सात मिनिटं उशिरा. त्यामुळे केबलवाल्या शेजाऱ्याला ब्रह्मज्ञान प्राप्त झालं. तो ओरडला, की आपण समजायचं, आता सात मिनिटांनी कोणीतरी आउट होणार. कोण, ते विचारायला गॅलरीत जायचं की अज्ञानात सुख मानायचं, यावरून घराघरांत दोन पक्ष पडले. त्याच वर्षी संसदेने कायदा करून महत्त्वाचे सामने दूरदर्शनला देणं सक्तीचं केलं. २०१७मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याचा अर्थ आणखी नीट लावला: ते चित्र दूरदर्शनच्या स्वतःच्या अँटेनावर आणि फुकटच्या फ्री डिशवरच दिसेल, खासगी केबलवर किंवा खासगी डिशवर नाही.

म्हणून आमच्याकडे महिन्याला शेकड्यांनी रुपये घेणारा सेट-टॉप बॉक्स आहे, त्यावर दूरदर्शन लावलं की भारताच्या सामन्याच्या वेळी दुसरंच काहीतरी चालू असतं. क्रीडा वाहिनीचं पॅकेज वेगळं, त्याचे पैसे वेगळे. समोरच्या बंगल्याच्या वॉचमनच्या खोलीवर मात्र एक गंजकी थाळी आहे, फ्री डिशची, महिन्याचे शून्य रुपये. परवा भारत फलंदाजी करत होता तेव्हा बंगल्याचे मालक आणि मी असे दोघेही त्याच्या खाटेवर बसलो होतो. त्याने मालकांना जरा सरकायला सांगितलं, कारण त्यांच्या डोक्यामुळे स्कोअर दिसत नव्हता.